डाळिंबी चौकोन

जुळे सोलापूर
२ फेब्रुवारी २०२५, रविवार

प्रिय नंदीश,

अनेक आशीर्वाद. इतके दिवस उत्तर दिलं नाही, माफ कर. तुझे दोन मेल आले, फोनही वाजला. एकदा मी खरंच पेपर तपासत होते. बाकीच्या वेळी फोन हातातच होता.

फोनवर आपलं बोलणं नीट होत नाही. तू बोलायला लागलास की थोड्या वेळात मी तुझ्या बाजूनं मान डोलवत असते, आणि मला जे विचारायचं होतं ते तसंच राहून जातं. म्हणून कागद. कुरिअरवाला पोरगा विचारत होता, मॅडम, आत नुसतं पत्रच आहे?

दोन्ही मेलमध्ये तू एकच विचारलं आहेस, भिंत बुजवून घेतली का. नाही घेतली. तू लावून गेलेला प्लाय तसाच आहे, वरून पांढरा रंग दिलेला. गवंडी येऊन गेला, त्याला मी नंतर ये म्हणून सांगितलं. का, ते तेव्हा माझं मलाच कळलं नव्हतं.

आप्पांना नजरेच्या मधोमधचा तो ठिपका परत दिसायला लागला आहे. म्हणजे तो गेला कधीच नव्हता. हे तुला माहीत आहे, मला माहीत आहे. त्यांना माहीत नाही.

सगळं क्रमानं लिहून बघते. इतिहास शिकवते म्हणून सवय असेल. कुठे चुकले तर दुरुस्त कर.

जुलैअखेर तू बेंगळुरूहून आलास. आप्पा करकंबला चिमाआत्याकडे गेले होते. तू म्हणालास, त्यांच्या खोलीला ओल आली आहे, ते नसताना काम उरकून घेऊ. पण तू त्यांच्या पलंगासमोरच्या भिंतीत मोठ्या खिडकीएवढा चौकोन कापून घेतलास. मागची अडगळीची खोली रिकामी केलीस, तिचे कोपरेसुद्धा भरून गोल केलेस, सगळं पांढरं केलंस, आणि दिवे असे लपवलेस की उजेड कुठून येतो ते कळू नये. पुढून बघितलं की भिंतीवर रंगाचा सपाट चौकोन टांगल्यासारखा वाटायचा. मी विचारलं, कापड ताणलंयस का? तू हसलास. तुला इतका खूश मी बऱ्याच वर्षांत बघितला नव्हता.

मला तू सांगितलंस, "आप्पांच्या डोळ्यांना असा संथ उजेड बरा असतो. पहाटे पूजेच्या वेळी आपोआप लागेल, नंतर आपोआप जाईल आणि पांढरा पडदा खाली येईल. त्यांना फक्त सांगू नकोस."

"का?"

"सांगितलं की ते बघणार नाहीत, तपासणार. वर बिल विचारणार."

हे मला पटलं. चाटी गल्लीतल्या दुकानात आप्पा सुताची लडी ट्यूबखाली कधीच बघायचे नाहीत. उंबऱ्यावर न्यायची, एकदा बघायची, नजर काढायची, मग परत बघायची. विणकर म्हणायचे, रुद्रप्पांनी जुळवलेली छटा चादर धुतल्यावर बोलते. अशा माणसाला दिवा आहे म्हणून सांगितलं असतं तर त्यांनी आधी दिव्यातली खोट काढली असती. तू त्यांच्याकडूनच बघायला शिकलास, हे तू सगळ्यांना सांगतोस. मलाही ते ऐकायला आवडायचं.

आपल्या दोघांच्याही एक गोष्ट लक्षात यायला हवी होती. तो श्रावण होता. आप्पांनी नेम धरला होता, रोजच्यापेक्षा तासभर जास्त पूजेला बसायचं. डाव्या तळहातावर इष्टलिंग, त्याच्या काळ्या कांतीवर समईचा जो एक बिंदू चमकतो त्यावर नजर. आणि नजर लावायची नेमकी तीच जागा डोळ्यांनी खाल्लेली. मला ते एकदा म्हणाले होते, "हातात लिंग हाय का ठिपकाच हाय, मलाच कळत नाही गं. ठिपक्याचीच पूजा करतोय की काय." आणि हसले होते.

पहिल्या श्रावणी सोमवारी ते खोलीतून बाहेर आले, कपाळावर विभूती, अंगावर ओला पंचा. सारजाबाई भाकरी थापत होती.

"सिद्दू, ठिपका गेला गं."

"म्हणजे?"

"सगळीकडं एकच रंग. अबोली. मधे भोक नाही, काही नाही. सरळ समोर बघितलं आणि दिसलं."

सारजाबाईनं पिठाच्या हातानंच नमस्कार केला. मी तुला फोन लावला, मला रडू येत होतं. तू विचारलंस, "नक्की कोणत्या शब्दांत म्हणाले? तसेच्या तसे सांग." मला वाटलं, तुलाही रडू आवरत नाही म्हणून तू असं विचारतोयस.

पुढे एके पहाटे ते उठून भिंतीपाशी गेले आणि हात पुढे केला. मी घाबरले, आता सगळं कळणार. तर बाहेर येऊन म्हणाले, "हात लावला तर भिंत नाही. हात रंगात जातो." तेव्हाही तू शब्दच विचारलेस.

चार महिने ते असे होते की आपली अव्वा गेल्यानंतर मी त्यांना तसं बघितलं नव्हतं. शेजारचे प्रभुलिंगकाका येऊन टोमणे मारायचे, "रुद्रप्पा, जन्मभर सूत विकलंस, आता दर्शन विकतोस काय?" आणि जाताना दारात हळूच विचारायचे, "किती वाजता बसतोस रे तू?"

डिसेंबरात तू आलास. "दिवे दुरुस्तीला न्यावे लागतील," म्हणालास. आप्पा दाढी करायला गेले होते तेवढ्यात प्लाय लावून झाला.

आता ते पहाटे उठतात, पूजा करतात, भिंतीला हात लावतात. भिंत असते. मग दिवसभर फारसं बोलत नाहीत.

दिवे कधी दुरुस्त होतील? आणि पुण्याचं तुझं प्रदर्शन कसं चाललं आहे? त्याबद्दल तू काही लिहिलं नाहीस.

तुझी,
अक्का


९ फेब्रुवारी २०२५

नंदीश,

पत्र मिळाल्यावर तू फोन केलास. मी पुण्याचं परत विचारलं, तेव्हा तू म्हणालास, "नुसते रंग आहेत, अक्का. तुला कंटाळा येईल." मी बरं म्हटलं.

ती माझी लबाडी होती. मी जाऊन आले आहे. गेल्या पत्रातही हे लिहायला हवं होतं. तू आपणहून सांगतोस का ते मला बघायचं होतं. असं जाळं लावणं मला शोभत नाही, पण लावलं खरं.

तुला आरोही आठवत नसेल. माझी विद्यार्थिनी, आता पुण्यात नोकरी करते. जानेवारीत तिचा मेसेज आला, "मॅडम, तुमच्या भावाचं काम बघून आले. खूप रडले. आत जे आजोबा बोलतात ते तुमचे वडील ना? बोलणं अगदी आपल्याकडचं आहे."

मी तो परत परत वाचला. आजोबा बोलतात म्हणजे काय, ते मला कळेना.

शनिवारी सकाळची गाडी धरली. आप्पांना सांगितलं, सेमिनार आहे. गड्ड्याची यात्रा तोंडावर होती. अख्खा जिल्हा सोलापुरात उतरत होता आणि मी बाहेर निघाले होते. 

बाहेर रांग होती. चपला काढायच्या, तिघातिघांना आत सोडायचं. दारातली मुलगी प्रत्येकाला सांगत होती, "डोळ्यांना जरा वेळ द्या. आधी काही दिसणार नाही." भिंतीवर छोटी पाटी होती. कामाचं नाव 'ठिपका'. खाली तुझं नाव. त्याखाली 'साहित्य: प्रकाश, रिकामी खोली, आवाज.'

आत अंधार. मग हळूहळू समोर तो चौकोन आला. आपल्या घरातला. आधी राखाडी, मग अबोली, मग गाजरी. इतका हळू की बदलताना पकडता येत नाही, बदललेला तेवढा दिसतो. माझ्या शेजारचा माणूस बायकोला म्हणाला, "स्क्रीन आहे गं, मोठा टीव्ही." मला सगळं माहीत होतं. भिंत कापताना, कोपरे भरताना मी चहा करून दिला होता. तरी मला तो सपाटच दिसला. मी उठून हात पुढे केला आणि हात आत गेला. मनगटापर्यंत डाळिंबी झाला. मुलगी म्हणाली, "मॅडम, हात नको प्लीज."

आणि आप्पा बोलायला लागले, अव्वाशी.

"ईरी, आज डाळिंबी बघ. कालच्यापेक्षा एक छटा वर. असलं सूत आलं असतं तर दुकानात ठेवलं नसतं, तुलाच लुगडं करून घेतलं असतं."

लोक हसले. प्रेमानंच हसले. मीही हसले, नंदीश. आवाज ओळखायच्या आधी हसले, की ओळखल्यावर, ते आता सांगता येत नाही.

मग ते म्हणाले, "तू गेलीस त्या दिवशी मला सगळ्यांनी पुढं केलं, तोंड बघून घे म्हणून. मी बघितलं म्हणालो. तुझे कान बघितले मी. केस बघितले. कुंकवाची एक कड. मधे तू नव्हतीसच. पोरांना सांगितलं नाही."

पोरांना सांगितलं नाही. हे मी कुठे ऐकलं? पुण्यात, अनवाणी, त्या नवराबायकोच्या शेजारी. बाई डोळे पुसत होती. तिला माझ्याआधी कळलं होतं म्हणायला हरकत नाही. चौकोनाच्या उजेडात आम्ही तिघं सारखीच परकी होतो.

आपल्या लिंगायतांत दुसऱ्याचं इष्टलिंग कुणी बघत नाही. अव्वासुद्धा आप्पांची पूजा चालू असताना खोलीत पाऊल टाकायची नाही, दारातून प्रसादाचं ताट आत सरकवायची. तू याच घरात वाढलास. लहानपणी तू आत डोकावलास म्हणून तिनं तुझा कान पिळला होता. दिव्यांच्या पेटीत ऐकायचंही यंत्र होतं हे तू मला सांगितलं नाहीस. मी विचारलं होतं, ही छोटी डबी कसली? तू म्हणालास, "टायमर."

मी बाहेर आले आणि परत रांगेत उभी राहिले. हे तुझ्यापासून लपवणार नाही. दुसऱ्यांदा आत गेले कारण ते सुंदर होतं, आणि आप्पांचा तसा आवाज मी घरात कधी ऐकला नव्हता. आपल्याला हे सुंदर वाटतंय याची मला लाज वाटत होती. अजून वाटते. पण तुझं काम वाईट आहे असं खोटं लिहून मला तुझ्यावर रागवायचं नाही.

येताना गाडीत मला राहून राहून ती पाटी आठवत होती. प्रकाश, रिकामी खोली, आवाज. चुना, वाळू, सिमेंट लिहितात तसं. आप्पांचं नावही नाही.

त्यांचे शब्द मी तुला रोज पोचवत होते. तुझ्याकडे तर मूळ आवाजच होता. मग माझ्याकडून कशाला विचारायचास? याचं उत्तर मला हवं आहे.

अक्का


१६ फेब्रुवारी २०२५

नंदीश,

तुझा मेल मी छापून घेतला. तीन पानं झाली. खूण करत वाचला, कारण तुझ्यावर अन्याय व्हायला नको.

तू लिहितोस, नाव घातलं असतं तर तूच म्हणाली असतीस की नाव का घातलं. हे बरोबर आहे. म्हणाले असते.

तू लिहितोस, यंत्राचा आवाज तुटक येत होता, म्हणून माझ्याकडून पडताळून घेत होतास. म्हणजे मी पडताळणी होते. बरं.

तू लिहितोस, प्रत्येकाच्या डोळ्यात एक आंधळी जागा असते आणि ती मेंदू आजूबाजूच्या रंगानं भरून काढतो. आप्पांचा ठिपका त्या एकसारख्या रंगात तसाच भरून निघाला. यात फसवणूक कुठे आहे, तू विचारतोस. पुढे तुझेच शब्द, जगात सगळेच असं बघतात. मी फक्त त्यांना ते परत मिळवून दिलं. अव्वा गेल्यापासूनचे सगळ्यात चांगले चार महिने मी त्यांना दिले, तू काय दिलंस?

हे शेवटचं वाचून मी कागद उलटा ठेवला आणि भांडी घासायला गेले. सारजाबाई म्हणाली, "ताई, म्या कशाला हाय मग?" मी तिला म्हटलं, आज असू दे.

मी काय दिलं? जेवण, औषधाचे थेंब, पेपर वाचून दाखवणं. लग्न मोडून परत आले तेव्हा त्यांनी मला काही विचारलं नाही, मीही त्यांना काही विचारत नाही. आमच्यात प्रेम आहे, पण ते डाळिंबी नाही. तू म्हणतोस ते खरं असेल. चार महिने त्यांना जे दिसलं ते मी जन्मात दाखवू शकले नसते.

पण तू दिलंस ते तुझं काम संपेपर्यंत दिलंस. हवं ते मिळाल्यावर उतरवून नेलंस. आणि का गेलं, हे त्यांना सांगायची गरज तुला वाटली नाही. ते काय समजतात ऐक. मंगळवारी प्रभुलिंगकाका आले होते. 

"दिसतंय का रे अजून?" त्यांनी विचारलं.

"बंद झालं."

"असं कसं बंद झालं? लाईट हाय व्हय?"

काका विनोद करत होते. आप्पा म्हणाले, "माझ्याकडून काहीतरी चुकलं असणार. हात रंगात जात होता, आता भिंत आडवी येते. बाहेर ठेवलंय मला."

"मग आता?"

"शिवरात्रीपर्यंत नेम वाढवतो. पाणीसुद्धा सूर्य बुडल्यावर."

काका त्यांच्यापेक्षा लहान आहेत, तरी म्हणाले, "येडा झालास काय? वय बघ की." आप्पा नुसते हसले.

आणि सुई. डोळ्यात दर महिन्याला घ्यायची ती सुई त्यांनी गणपतीनंतर बंद केली. मी सप्टेंबरात तुला विचारलं होतं, "ते म्हणतात ठिपका गेला, आता सुई साकु, पुरे. काय करू? डॉक्टर ओरडतील." तुझे शब्द मला आठवतात, मलाही आता ती सवय लागली आहे. "राहू दे थोडे दिवस. सुईनंतर आठवडाभर डोळे लाल असतात, त्यांना त्रास होतो." मी राहू दिलं. डॉक्टरांना उजेडाचं काहीच सांगितलं नाही. तुझ्यावर विश्वास होता म्हणून नव्हे, त्यांना दुखत नाही हे बघून मलाच बरं वाटत होतं म्हणून.

गेल्या आठवड्यात मी एकटीच डॉक्टरांना भेटले. उजव्या डोळ्याची कड अजून वाचवता येईल, ते म्हणाले. पण पुढची सुई लगेच हवी. उशीर झाला तर चेहऱ्यांच्या कडासुद्धा जातील. मी घरी येऊन आप्पांना सांगितलं. ते म्हणाले, "बेडा, नको. सुईनं गेलेला नाही तो रंग, सुईनं येणार पण नाही. ज्यानं नेलाय तोच देईल."

कळतं का तुला? ज्यानं नेलं त्याचं नाव मला माहीत आहे.

आता मी एक प्रश्न विचारते. माझ्याकडे पुरावा नाही, म्हणून आरोप करत नाही. सप्टेंबरात तू सुई राहू दे म्हणालास ते त्यांना दुखतं म्हणून, की मधे आठवडा आठवडा पूजेला बसले नाहीत तर तुझं ध्वनिमुद्रण तुटलं असतं म्हणून? की ठिपका सुईनं कमी झाला की तुझ्या रंगानं, हे वेगळं काढता आलं नसतं म्हणून? तुझ्या तीन पानांत आंधळ्या जागेवर दीड पान आहे. सुईबद्दल एक ओळ नाही. मी तीनदा शोधली.

अक्का


२३ फेब्रुवारी २०२५

नंदीश,

तू सुईचं उत्तर दिलं नाहीस. त्याऐवजी प्रस्ताव पाठवलास. शिवरात्रीच्या आदल्या दिवशी तू येणार, बरोबर दोन माणसं आणि दिवे. आप्पांना प्रभुलिंगकाकांकडे बसवायचं, तोवर प्लाय काढून सगळं परत जोडायचं. शिवरात्रीच्या पहाटे त्यांना डाळिंबी दिसेल. ते खूश होतील, नेम सोडतील, मग आपण म्हणायचं आप्पा, आता तेवढी सुई घ्या. आणि खाली एक ओळ, "या वेळी त्यांचा चेहरा लागेल, एक छोटा कॅमेरा पलीकडच्या खोलीत ठेवू, त्यांना कळणार नाही."

मी तीन दिवस नाही म्हटलं नाही. हे तुला कळलं पाहिजे. माझा मोह कॅमेऱ्याचा नव्हता, बाकी सगळ्याचा होता. आप्पा गुरुवारपासून दिवसा पाणी घेत नाहीत. ओठांना साल आली आहे. डॉक्टरांनी मंगळवार दिला आहे. तुझ्या युक्तीनं ते पाणी पितील, सुईला जातील, असं मला खरंच वाटत होतं. मनात मी तारखासुद्धा जुळवल्या. काकांना काय सांगायचं तेही ठरवलं.

काल दुपारी मी वह्या तपासत बाहेर बसले होते. आतून ठक ठक आवाज यायला लागला. सारजाबाई पदर खोचत बाहेर आली.

"ताई, आप्पा भिताडाशी बोलत्यात बगा. हिकडं वाजवत्यात, तिकडं वाजवत्यात. तरबूज घ्यायचं आसल्यावानी."

मी आत गेले. ते भिंतीपाशी उभे होते. बोटाच्या पेरानं प्लायवर वाजवायचे, सरकायचे, विटांवर वाजवायचे, परत प्लायवर. दुकानात लडी बघायचे तसे, एकदा इथे, मग नजर काढून तिथे. फक्त आता कानानं.

"सिद्दू, ये. ऐक." त्यांनी माझा हात धरून भिंतीवर ठेवला. "हे बघ, हितं घट्ट वाजतं. आणि हितं पोकळ. चारी बाजूंनी बरोबर चौकोन आहे. मी माप घेतलं हातानं."

त्यांनी माझी बोटं चौकोनाच्या कडेनं फिरवली.

"आतून कुणी खाल्ली काय भिंत? वाळवी लागली? माझ्या डोळ्यांना काय दिसणार. तू बघून सांग. तुझे डोळे आहेत की."

नंदीश, मला तेव्हा सांगता आलं असतं. त्यांचा हात माझ्या हातावर होता. मी म्हणाले, "ओल आहे, आप्पा. तिथं प्लास्टर फुगलंय."

"असं होय," ते म्हणाले, आणि लगेच मान्य केलं. परत वाजवलं नाही. पलंगावर जाऊन बसले आणि म्हणाले, "तू सांगितलंस म्हणजे झालं."

ते तपासत होते. तू सांगितलं होतंस ना, कळलं की तपासतील. इतक्या महिन्यांनी ते स्वतःच तपासायला उठले होते, चार बोटांनी खऱ्या जागेवर पोचले होते, आणि मी त्यांना तिथून हटवलं. तुझा शब्द वापरून. ओल. जुलैत तू मला तोच दिला होतास.

आत्तापर्यंत तुला पत्रं लिहिताना तू एका बाजूला आणि मी दुसऱ्या बाजूला, असं मी समजत होते. काल मी तुझ्या बाजूला उभी होते. फरक एवढाच की मला ते प्रदर्शनात लावता आलं नसतं.

म्हणून नाही. मंगळवारी येऊ नकोस. दिवे आणू नकोस. कॅमेरा तर नकोच. ते तुला आवडतात, त्यांच्याकडून तू बघायला शिकलास, हे सगळं खरं असेल. तरी मी तुला या घरात त्यांना परत एकदा काही दाखवू देणार नाही. कधी आलास तर त्यांना सांगून ये, मी नंदीश आलोय, म्हणून. आणि पुण्यातून त्यांचा आवाज काढून टाक. तू म्हणशील आवाज काढला तर काम राहत नाही. मग राहू नये.

सांगितल्यावर काय होईल, मला माहीत नाही. कदाचित ते सुई घेतील. कदाचित तुझ्यावर चिडतील, माझ्यावर जास्त चिडतील, आणि सुई घेणार नाहीत. ते चार महिने त्यांच्या हातातून जातील हे नक्की. अव्वाशी जे बोलले ते दिव्याशी बोललो असं त्यांना वाटेल. मला याचीच सगळ्यात भीती वाटते. तुझ्यावर मी या एका गोष्टीसाठी जास्त रागावले आहे. त्यांना खरं सांगण्याचं काम तू माझ्याकडे ठेवून गेलास, आणि खरं इतकं वाईट करून ठेवलंस.

पण त्यांना आपलं चुकलं असं वाटतंय, ते तरी जाईल. ते बाहेर ठेवलेले नाहीत. त्यांच्याकडून काही चुकलं नाही.

आज दुपारी मी अडगळीच्या खोलीत जाऊन आले. अजून सगळं पांढरं आहे, कोपरे गोल. मध्ये उभं राहिलं की खोली केवढी ते कळत नाही, पाय कुठे टेकले तेवढंच कळतं. मी भिंतीला हात लावत लावत दार शोधलं. आपल्याच घरात.

सारजाबाईनं तिच्या मुलाचा स्क्रूड्रायव्हर आणून दिला आहे. "मिस्त्री बोलवा की," म्हणाली. मी नको म्हटलं. काकांकडेही त्यांना पाठवणार नाही.

हे पत्र पोचेपर्यंत झालेलं असेल.

सिद्धेश्वरी

उद्याचं काम: पूजा आटोपली की आप्पांना भिंतीसमोर खुर्चीत बसवून, त्यांच्यादेखत प्लायचे स्क्रू काढणे.